धातूच्या बाटलीतील बर्फ : उन्हाळ्यातील सोय आणि सावधगिरी

वैशाख आणि ज्येष्ठ हे राजस्थानात खऱ्या अर्थाने उन्हाचे महिने. १९ मे २०१६ रोजी या राज्यातील फलोदी येथे ५१ अंश सेल्सिअस तापमानाची नोंद झाली होती. जयपूर फलोदीइतके तापत नाही. तथापि मे महिन्यात पारा ४० अंशांच्या वर चढावा आणि अनेक दिवस तेथेच राहावा, हे या शहराला नवीन नाही. मैदानी प्रदेशात कमाल तापमान ४५ अंशांवर पोहोचले की हवामान विभाग ती उष्णतेची लाट मानतो आणि ४७ अंशांवर तीव्र लाट. अशा दिवसांत घराबाहेर पडणाऱ्याच्या हाती पाणी असणे ही चैनीची बाब राहत नाही.

जयपूरच्या सी-स्कीम भागात सकाळी नऊच्या सुमारास हे सहज दृष्टीस पडते. सर मिर्झा इस्माईल हे १९४२ ते १९४६ या काळात जयपूर संस्थानाचे दिवाण होते. त्यांच्या कारकिर्दीत तटबंदीबाहेरच्या शहराला आकार आला आणि अक्षरांनी ओळखल्या जाणाऱ्या वसाहतींच्या योजना पुढे आल्या. त्यांपैकी 'सी' हे अक्षर लोकांच्या जिभेवर कायमचे बसले. आज येथे बँका, कार्यालये, शाळा आणि रुग्णालये यांची दाटी आहे. स्टॅच्यू सर्कलला वळसा घालून जाणाऱ्या दुचाकींच्या हुकाला, शाळकरी मुलांच्या दप्तराच्या कप्प्यात, सुरक्षारक्षकाच्या खुर्चीपाशी, सर्वत्र पोलादी बाटली आढळते. एकदाच वापरून फेकण्याच्या प्लास्टिकच्या अनेक वस्तूंवर १ जुलै २०२२ पासून देशभर बंदी आली. पाण्याच्या प्लास्टिक बाटल्या त्या यादीत नव्हत्या. तरीही लोकांचा कल धातूकडे वळण्यास या वातावरणाचा हातभार लागला असावा.

यांपैकी काही बाटल्या रात्रभर फ्रीझरमध्ये राहून आलेल्या असतात. सी-स्कीममधील वास्तव्यात प्रस्तुत लेखिकेनेही पहिल्याच उन्हाळ्यात हा प्रयोग केला. काठोकाठ भरलेली, झाकण घट्ट लावलेली दुहेरी भिंतीची बाटली रात्री फ्रीझरमध्ये ठेवली. सकाळी ती ओट्यावर ठेवली तर भोवऱ्यासारखी डुलू लागली. सपाट असलेला तिचा तळ फुगीर झाला होता. पुढे लक्षात आले की नुकसान केवळ तळाचे नव्हते. त्या दिवसापासून त्या बाटलीत पाणी तासाभरात कोमट होऊ लागले.

'फ्रीज' या शब्दाचा घोटाळा

बाटलीसोबत आलेल्या कागदावर सूचना होती. ती इंग्रजीत होती आणि तिचा अर्थ 'गोठवू नये' असा होता. येथे एक भाषिक अडचण आहे आणि भाषांतराचे काम करणाऱ्यास ती विशेष जाणवते. मराठीत काय किंवा हिंदीत काय, 'फ्रीज' हा शब्द त्या शीतकपाटाचे नाव म्हणून रूढ झाला आहे. त्यामुळे 'डू नॉट फ्रीज' हे वाचणारा माणूस 'फ्रीजमध्ये ठेवू नका' असा अर्थ घेतो. 'पाणी थंड करायलाच तर बाटली घेतली', असे मनाशी म्हणून तो सूचना बाजूला सारतो. वस्तुतः कपाटाच्या खालच्या कप्प्यातील ४ ते ५ अंश तापमान बाटलीला कोणताही अपाय करीत नाही. प्रश्न वरच्या कप्प्याचा, उणे १८ अंशांच्या आसपास असलेल्या फ्रीझरचा आहे. छापील सूचनेत 'बाटलीत बर्फ होऊ देऊ नये' एवढे साधे वाक्य असते, तर बऱ्याच बाटल्या वाचल्या असत्या.

आपल्या भाषेत या बाबतीत एक उपयुक्त भेद मात्र जुनाच आहे. तूप थिजते आणि पाणी गोठते. व्याकरणकारांनी हा भेद पदार्थविज्ञानासाठी केलेला नाही, पण योगायोगाने तो येथे चपखल बसतो. थंडीच्या दिवसांत तुपाचा डबा उघडला तर थिजलेल्या तुपाच्या मध्यभागी खळगा पडलेला दिसतो. कारण तूप थिजताना आकसते. बर्फाच्या ट्रेमधील खड्यावर नेमके उलटे घडते. तेथे मध्यभागी उंचवटा येतो. बहुतेक पदार्थ तुपाच्या पंगतीतले आहेत. पाण्याची गणना मोजक्या अपवादांत होते.

नऊ टक्क्यांचा हिशेब

पाणी सुमारे ४ अंश सेल्सिअसपर्यंत इतर द्रवांप्रमाणेच आकसते. त्याखाली ते किंचित प्रसरण पावू लागते आणि गोठताना त्याचे आकारमान सुमारे ९ टक्क्यांनी वाढते. बर्फाच्या स्फटिकात पाण्याचे रेणू षटकोनी जाळीत बांधले जातात आणि त्या जाळीत मोकळी जागा राहते, हे त्याचे कारण. १ लिटर पाण्याचा बर्फ १०९० मिलिलिटरच्या आसपास जागा मागतो. काठोकाठ भरलेल्या लिटरच्या बाटलीत ही वाढीव जागा नसते.

मग बर्फ जागा करून घेतो. उणे १८ अंशांवर पाण्याला गोठण्यापासून केवळ दाबाने रोखावयाचे झाल्यास दीड हजार वातावरणांहून अधिक दाब लागेल. मोटारीच्या चाकातील हवेचा दाब बाहेरच्या हवेपेक्षा दोन-सव्वादोन वातावरणांनी अधिक असतो, हे लक्षात घेतल्यास या आकड्याची कल्पना येईल. बाटलीचा पत्रा बहुधा जेमतेम अर्ध्या मिलिमीटरच्या आसपास जाडीचा असतो. तो यापूर्वी कितीतरी आधीच हार मानतो.

ही गोष्ट विज्ञानाला फार पूर्वीपासून ज्ञात आहे. फ्लॉरेन्स येथील 'अकादेमिया देल चिमेंतो' या संस्थेच्या सदस्यांनी धातूच्या पोकळ गोळ्यांत पाणी भरून ते गोठवले आणि धातू फाटतो असे दाखवले. त्यांच्या प्रयोगांचा ग्रंथ १६६७ साली प्रसिद्ध झाला. पुढे १७८४ आणि १७८५ च्या हिवाळ्यांत कॅनडातील क्वेबेक येथे ब्रिटिश तोफखान्याचे मेजर एडवर्ड विल्यम्स यांनी लोखंडी बाँबगोळ्यांत पाणी भरून, भोकात लोखंडी बूच ठोकून ते उघड्या थंडीत ठेवले. एका प्रयोगात बूच सुमारे ४०० फूट दूर जाऊन पडले. इतर गोळ्यांची कवचे फुटली.

हे वाचून घरातील फ्रीझरमध्ये स्फोट होईल अशी भीती बाळगण्याचे मात्र कारण नाही. विल्यम्स यांच्या गोळ्यांची कवचे जाड होती, म्हणून त्यांत प्रचंड दाब साठू शकला. पातळ पोलादी बाटली तसा दाब साठू देत नाही. ती हळूहळू ताणली जाते, फुगते, क्वचित सांध्यावर उकलते. बर्फ हा ढकलणारा पदार्थ आहे. उसळी घेऊन फुटणे हा वायूचा स्वभाव आहे आणि बाटलीत वायू असेल तर धोक्याचे स्वरूप बदलते. त्याकडे पुढे येऊ.

एक गैरसमज येथेच दूर करणे योग्य ठरेल. थंडीने पोलाद ठिसूळ होते, म्हणून बाटली फुटते, असे अनेकांना वाटते. साध्या लोखंडाबाबत अतिशीत तापमानात यात तथ्य आहे. परंतु पाण्याच्या बाटल्यांसाठी सर्रास वापरले जाणारे, सुमारे १८ टक्के क्रोमियम आणि ८ टक्के निकेल असलेले स्टेनलेस स्टील उणे १८ अंशांत ठिसूळ होत नाही. द्रवरूप नायट्रोजनची भांडीही याच जातीच्या पोलादाची बनवतात. ठिसूळ होते ते झाकण. झाकणांसाठी वापरले जाणारे पॉलिप्रॉपिलीन हे प्लास्टिक शून्य अंशाच्या आसपास आणि त्याखाली आपली लवचिकता गमावू लागते. फ्रीझरमधून काढलेल्या बाटलीचे झाकण हातातून फरशीवर पडून तडकते, त्याचे कारण बहुधा हेच.

दुहेरी भिंतीची बाटली

स्कॉटिश शास्त्रज्ञ जेम्स ड्यूअर यांनी १८९२ साली निर्वात पोकळी असलेले दुहेरी भिंतीचे पात्र तयार केले ते द्रवरूप वायू थंड ठेवण्यासाठी. १९०४ साली जर्मनीत त्यावरून घरगुती वस्तू तयार करणारी 'थर्मॉस' कंपनी उभी राहिली आणि तिचे नाव आपल्याकडे 'थर्मास' होऊन घरोघरी पोहोचले. आजच्या पोलादी बाटलीत काचेऐवजी पोलादाच्या दोन भिंती असतात आणि त्यांच्यामधील हवा काढून घेतलेली असते. तत्त्व तेच आहे.

ही बाटली फ्रीझरमध्ये ठेवण्यात दोन दोष आहेत. पहिला असा की ती आपले काम चोख बजावते. जी भिंत बाहेरची उष्णता आत येऊ देत नाही, ती आतली उष्णता बाहेरही जाऊ देत नाही. त्यामुळे पाणी रात्रभरात पुरते गोठतही नाही. थंडी शिरते ती तोंडाकडून, जेथे दोन्ही भिंती जोडलेल्या असतात आणि वर केवळ झाकण असते. परिणामी सर्वप्रथम गळ्यात बर्फाचे बूच बसते. खाली पाणी द्रवरूप असते, पण त्याला वर सरकायला वाट नसते. पुढे जे गोठते ते खाली आणि बाजूंना रेटते.

दुसरा दोष अधिक गंभीर आहे. आतल्या भिंतीला पाठीमागून आधार नसतो, तेथे पोकळी असते. रेटा आला की ती भिंत पोकळीच्या दिशेने फुगते, बाहेरच्या भिंतीला टेकते किंवा तिच्या सांध्याला सूक्ष्म चीर जाते. भिंती एकमेकींना टेकल्या तर उष्णतेला तेथून थेट वाट मिळते. चीर गेली तर पोकळीत हवा शिरते. दोन्ही प्रकारांत बाटली बाहेरून धडधाकट दिसते आणि आतून निकामी झालेली असते. म्हणून दुहेरी भिंतीच्या बाटलीबाबत उत्तर एकच आहे. तिच्यात काहीही गोठवू नये. अर्धी भरूनही नाही.

एकेरी भिंतीच्या पोलादी बाटलीत पाणी गोठवता येते, मात्र काही पथ्ये पाळून. बाटली रुंद तोंडाची असावी. पाणी तीन चतुर्थांशापेक्षा अधिक भरू नये आणि जेथे बाटलीचा खांदा सुरू होऊन ती निमुळती होते, त्या रेषेच्या बरेच खाली पाण्याची पातळी असावी. केवळ आकारमानाचा हिशेब केला तर ९०० मिलिलिटर पाण्याचा बर्फ लिटरच्या बाटलीत मावतो. पण तो हिशेब कागदावरचा आहे. वरचा थर आधी गोठून भिंतींना चिकटला की वरची रिकामी जागा असून नसल्यासारखी होते. अधिक मोकळी जागा आणि रुंद तोंड यांमुळे हा धोका घटतो. तो पूर्णतः नाहीसा होतो असे म्हणता येणार नाही. झाकण लावू नये. फ्रीझरमधील वास लागू नये म्हणून तोंडावर एखादी वाटी उपडी घालावी. बाटली उभी ठेवावी आणि पूर्ण गोठल्यावरच झाकण लावावे.

याहून चांगला मार्ग असा, की रात्री बाटली एक तृतीयांश भरून गोठवावी आणि सकाळी तीत फ्रीजमधील पाणी ओतावे. यात बाटलीवर ताण जवळजवळ येत नाही आणि पहिल्या घोटापासून प्यायला पाणी असते.

ॲल्युमिनियमच्या बाटल्या मऊ धातूच्या असतात आणि त्यांच्या आतून पातळ लेप दिलेला असतो. धातू ताणला गेला की लेपाला तडे जाण्याची शक्यता असते. २००९ साली एका स्वीस उत्पादकाने आपल्या ऑगस्ट २००८ पूर्वीच्या ॲल्युमिनियम बाटल्यांच्या लेपात 'बिस्फेनॉल ए' हे रसायन अल्प प्रमाणात असल्याचे मान्य केले होते. लेप हा त्या बाटलीचा नाजूक भाग असतो, एवढे लक्षात ठेवावे. तांब्याच्या बाटलीत पाणी गोठवण्याचा विचारच नको.

कोणते पेय, कोणत्या भांड्यात

आपल्या आज्यांच्या प्रवासात फिरकीचा तांब्या असे. फिरवून बंद होणाऱ्या झाकणाचे ते पात्र म्हणजे आजच्या बाटलीचे पूर्वज. त्यात त्या पाणी नेत असत, ताक नव्हे. तांब्या-पितळेच्या भांड्यात ताक कळकते, हे स्वयंपाकघरातले ज्ञान कोणत्याही प्रयोगशाळेच्या आधीचे आहे. आंबट पदार्थ तांबे विरघळवतो. म्हणून अशा भांड्यांना कल्हई करीत. कैरीचे पन्हे, कोकम सरबत, लिंबाचे सरबत आणि जयपूरमध्ये ठिकठिकाणी मिळणारी शिकंजी यांना तोच नियम लागू आहे. तांब्याच्या बाटलीत केवळ साधे पाणी भरावे. स्टेनलेस स्टीलला आंबटाचे वावडे नाही, पण अशा पेयाची बाटली त्याच दिवशी, झाकणातील रबरी वायसर काढून धुणे आवश्यक आहे.

साखर किंवा मीठ घातलेले पेय गोठताना आणखी एक गोष्ट घडते आणि तिच्याकडे सहसा लक्ष जात नाही. प्रथम गोठते ते केवळ पाणी. साखर, मीठ आणि आम्ल उरलेल्या द्रवात साचत जातात. वितळताना हाच गाढ भाग आधी सुटतो. म्हणूनच गोठवलेल्या पन्ह्याचे पहिले घोट अतिगोड लागतात आणि तळाशी उरते ते बेचव, फिकट पाणी. पन्ह्याच्या बाबतीत ही केवळ चवीची तक्रार आहे. जलसंजीवनीच्या बाबतीत ती तशी राहत नाही.

जागतिक आरोग्य संघटना आणि युनिसेफ यांनी २००२ साली सुधारलेल्या जलसंजीवनी मिश्रणात साखर आणि क्षार यांचे प्रमाण मुद्दाम कमी ठेवले आहे. कारण प्रमाण वाढले तर आतड्यात पाणी शोषले जाण्याची क्रिया मंदावते. हे मिश्रण बाटलीत गोठवून, अर्धवट वितळलेल्या अवस्थेत उन्हाने थकलेल्या मुलास पाजल्यास पहिल्या घोटांत त्याच्या पोटात ठरल्यापेक्षा गाढ द्रावण जाते. म्हणून जलसंजीवनी गोठवू नये. स्वच्छ पाण्यात प्रमाणानुसार करावी, फ्रीजच्या खालच्या कप्प्यात थंड करावी आणि २४ तासांत संपवावी.

दूध, लस्सी आणि ताक गोठवल्याने त्यांतील जंतू मरत नाहीत, केवळ निद्रिस्त होतात. नाशवंत पेय सामान्यतः दोन तासांहून अधिक काळ उघड्या तापमानात ठेवू नये आणि हवा ३२ अंशांहून उष्ण असेल तर एक तासच, असा अन्नसुरक्षेचा प्रचलित दंडक आहे. जयपूरच्या मे महिन्यात दुसरा नियमच लागू होतो.

झाकण उघडताना

वर वायूचा उल्लेख आला होता. सोडा आणि तत्सम फसफसणारी पेये धातूच्या बंद बाटलीत कधीही गोठवू नयेत. बर्फाच्या स्फटिकात कार्बन डायऑक्साइडला थारा नसतो. तो बाहेर पडून उरलेल्या जागेत दाटतो. दाबलेला वायू ऊर्जा साठवतो आणि झाकण सैल होताच ती एका क्षणात मोकळी करतो. कोरडा बर्फ, म्हणजे घनरूप कार्बन डायऑक्साइड, बंद बाटलीत टाकणे तर थेट जिवावर बेतू शकते. तो वितळत नाही, थेट वायू होतो आणि मूळच्या शेकडो पट जागा मागतो. समारंभात धूर दिसावा म्हणून मिळणारा हा पदार्थ मुलांच्या हाती लागू देऊ नये.

फ्रीझर नसतानाही असा दाब तयार होतो. अमेरिकेत जुलै २०२५ मध्ये वॉलमार्टने विकलेल्या सुमारे ८ लाख ५० हजार पोलादी निर्वात बाटल्या परत मागवण्यात आल्या. त्यांत रस, दूध किंवा फसफसणारे पेय बराच काळ राहिल्यास उघडताना झाकण जोराने उडत असे. झाकण तोंडावर आदळल्याने दोन व्यक्तींची एका डोळ्याची दृष्टी कायमची गेली. रस किंवा ताक आंबते, वायू सुटतो आणि घट्ट फिरकीच्या झाकणाखाली तो अडकून राहतो. शाळेच्या दप्तरात शनिवार-रविवार विसरलेली ताकाची बाटली सोमवारी उघडणाऱ्या कोणत्याही घरात हे घडू शकते.

म्हणून अडकलेले किंवा फुगलेले झाकण उघडताना बाटलीचे तोंड स्वतःच्या आणि इतरांच्या चेहऱ्यापासून दूर धरावे. वर जाड फडके घालावे, झाकण थोडेसे फिरवून थांबावे, वायू सुटू द्यावा. मुलांना हे काम सांगू नये. बर्फाने झाकण बसले असेल तर बाटली साध्या पाण्यात काही वेळ उभी करावी. गॅसवर धरणे, उकळते पाणी ओतणे किंवा सुरीने बर्फ टोचणे हे तिन्ही प्रकार लोक करतात आणि तिन्ही टाळावेत. बंद धातूची बाटली मायक्रोवेव्हमध्ये ठेवण्याविषयी तर बोलावयासच नको.

बर्फ वेगळा, बाटली वेगळी

मुळात पूर्ण गोठवलेली बाटली उन्हात उपयोगी पडते का, हा प्रश्न क्वचितच विचारला जातो. १ ग्रॅम बर्फ वितळायला ८० कॅलरी उष्णता लागते. शून्य अंशाचे तेवढेच पाणी ८० अंशांपर्यंत तापवायला लागेल तितकी. बर्फाची ही चिवट वृत्ती शीतपेट्यांत उपकारक ठरते. तहानलेल्या माणसाला मात्र ती अडचणीची आहे. सकाळी आठ वाजता लिटरभर बर्फ घेऊन निघालेल्या बांधकाम मजुराला किंवा वाहतूक पोलिसाला अकराच्या उन्हात त्यातून दोन-चार घोटच मिळतात. उन्हाच्या तडाख्यात शरीराला लागते ते मुबलक पाणी, तेही वारंवार. ते अतिथंड असलेच पाहिजे असे नाही.

त्यामुळे दुहेरी भिंतीच्या बाटलीत बर्फ बाहेरून घालणे हाच शहाणा मार्ग ठरतो. ट्रेमध्ये केलेला २०० ग्रॅम बर्फ आणि नळाचे ३५ अंशांचे ७०० मिलिलिटर पाणी एकत्र केले तर मिश्रण १० अंशांच्या खाली उतरते. फ्रीजमधील पाणी घेतल्यास बर्फाचे खडे बराच काळ शिल्लक राहतात. पाणी सुरुवातीपासून पिता येते, बाटली शाबूत राहते आणि फ्रीझरमधील जागाही कमी लागते.

धातूचे पात्र आणि थंडी यांची अशी फारकत करण्याची कल्पना उत्तर भारतात किमान चार शतके जुनी आहे. आमेरचे राजे ज्या अकबराच्या दरबारी होते, त्याच्या जलव्यवस्थेचे वर्णन अबुल फझलने 'आईन-ए-अकबरी'त केले आहे. पाणी जस्त-कथिलाच्या जातीच्या किंवा चांदीच्या धातुपात्रात भरून तोंड बंद करीत. दुसऱ्या भांड्यात पाच शेर पाण्यात अडीच शेर सोरा विरघळवीत आणि त्या द्रावणात ते बंद पात्र सुमारे पाव तास फिरवीत. सोरा विरघळताना उष्णता शोषून घेतो, द्रावण गार होते आणि धातूच्या भिंतीतून आतले पाणीही. पात्र एकेरी भिंतीचे, थंडी बाहेरून, पाणी मात्र गोठण्यापासून दूर. बंदुकीच्या दारूतला पदार्थ पाणी गार करण्यास कामी यावा, याचे त्या काळीही नवल वाटले होते. आज हा प्रयोग घरी करण्याचे कारण नाही. मीठ आणि बर्फ यांच्या मिश्रणात एकेरी बाटली फिरवली तर तोच परिणाम पंधरा मिनिटांत साधतो. फक्त ती तेथे विसरून जाऊ नये, कारण ते मिश्रण शून्याच्या बरेच खाली जाते.

खरेदी करताना

केंद्र सरकारच्या उद्योग व अंतर्गत व्यापार प्रोत्साहन विभागाने जुलै २०२३ मध्ये आदेश काढून तांबे, स्टेनलेस स्टील आणि ॲल्युमिनियम यांच्या पिण्याच्या पाण्याच्या बाटल्यांसाठी भारतीय मानक ब्यूरोचे प्रमाणन बंधनकारक केले. त्यामुळे बाटलीवर आयएसआय चिन्ह पाहून घेणे ग्राहकाच्या हिताचे आहे. हे चिन्ह म्हणजे बाटली फ्रीझरमध्ये ठेवण्याची परवानगी मात्र समजू नये. बाटली एकेरी भिंतीची की दुहेरी, हे दुकानदारास विचारावे. त्यास ठाऊक नसेल तर तोंडाच्या कडेची जाडी पाहावी, किंवा घरी आणल्यावर गरम पाणी ओतून बाहेरून हात लावावा. एकेरी बाटली लगेच चटका देते.

हीच परीक्षा फ्रीझरमधून वाचलेल्या दुहेरी बाटलीचीही घेता येते. गरम पाणी भरून पाच मिनिटांनी बाहेरची बाजू कोमट लागली, तर पोकळी गेली असे समजावे. बाटली हलवल्यावर दोन भिंतींमध्ये पाणी खळखळण्याचा आवाज आला, तर आतल्या भिंतीला चीर आहे; ते साचलेले पाणी धुता येत नाही, म्हणून अशी बाटली पिण्यासाठी वापरू नये. चीर नसेल आणि केवळ तळ फुगला असेल, तर ती साधी बाटली म्हणून चालते. तिला गरम पाण्याचा थर्मास समजून चहा भरू नये, हात भाजेल. डुलणारी ती बाटली प्रस्तुत लेखिकेने आणखी एक उन्हाळा झाडांना पाणी घालण्यासाठी वापरली आणि नंतर सी-स्कीममध्ये सायकलवरून हाळी देत येणाऱ्या कबाडीवाल्यास दिली. त्याने ती उलटी करून तळ पाहिला आणि 'बर्फ जमाई थी क्या?' एवढेच विचारले.